अंगणवाडी सेविका निवडीत जातीच्या गुणांवरून वाद: हरकतीपासून हायकोर्टापर्यंत, पायरीपायरीने

अंगणवाडी सेविका किंवा मदतनीस पदाची तात्पुरती गुणवत्ता यादी लागते. आपले नाव दुसरे, पहिल्या नावापुढे जातीचे गुण. गावात चर्चा सुरू होते, कुणी आमदारांकडे जायला सांगतो, कुणी जिल्हाधिकाऱ्यांना निवेदन द्यायला, कुणी उपोषणाला बसायला. या धावपळीत हरकतीची मुदत निघून जाते आणि पुढे प्रत्येक कार्यालयात पहिला प्रश्न एकच येतो: मुदतीत हरकत का घेतली नाही?

बहुतेक ताई अन्याय झालेला असूनही हरतात, कारण त्या चुकीच्या दाराशी किंवा बरोबर दाराशी उशिरा पोचतात. गुणांची चूक, दाखल्याची चूक आणि नियमाची चूक या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. प्रत्येकीचा निकाल वेगळ्या ठिकाणी लागतो. पुढच्या पायऱ्या महाराष्ट्रातल्या भरतीसाठी आहेत आणि त्या याच क्रमाने घ्यायच्या आहेत.

## पायरी १: आपला वाद नेमका कोणता, ते एका वाक्यात लिहा

कागदावर एकच वाक्य लिहायचे. ते खालीलपैकी एका प्रकारात बसले पाहिजे.

क) गुण चुकीचे दिले. तुमचा जातीचा दाखला अर्जासोबत होता, तरी गुण मिळाले नाहीत. किंवा समोरच्या उमेदवाराने दाखला मुदतीनंतर दिला, तरी गुण मिळाले. हा वाद बाल विकास प्रकल्प अधिकारी, म्हणजे सीडीपीओ कार्यालयात आणि त्यांच्या वरिष्ठांकडे सुटतो.

ख) दाखलाच खोटा किंवा अवैध आहे. समोरची उमेदवार त्या जातीची नाही, असे तुमचे म्हणणे आहे. हे ठरवण्याचा अधिकार सीडीपीओला नाही, जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यालाही नाही. तो जात प्रमाणपत्र पडताळणी समितीचा आहे.

ग) दाखला खरा, पण इथे चालत नाही. नवऱ्याच्या जातीवर घेतलेला दाखला, परराज्यातला दाखला, शेवटच्या तारखेनंतरचा दाखला. सगळ्यात जास्त गोंधळ याच प्रकारात होतो.

घ) नियमच चुकीचा आहे. जाहिरातीतली अटच घटनेच्या विरुद्ध आहे, असे म्हणणे. याचे दार थेट उच्च न्यायालयाचे.

चारही प्रकार एकाच अर्जात कोंबू नका. "गुण चुकीचे, दाखला खोटा, अधिकाऱ्याने पैसे खाल्ले, नियमही चुकीचा" असा अर्ज वाचणाऱ्याला एकही मुद्दा तपासावा लागत नाही. तो "पुराव्याअभावी" म्हणून बाजूला पडतो.

इशारा: "आमच्या वस्तीत आमच्या समाजाची घरे जास्त, म्हणून सेविका आमचीच हवी" हा मुद्दा जाहिरातीत तशी अट छापलेली असल्याशिवाय मांडू नका. बिहारच्या मार्गदर्शिकेत अंगणवाडीच्या क्षेत्रात ज्या वर्गाची लोकसंख्या जास्त, त्या वर्गातून निवड करण्याचा नियम होता. त्यावरचे तिथले निकाल मोबाइलवर फिरत आपल्याकडे येतात. आपल्याकडची निवड गुणतक्त्यावर होते. तिथला निकाल इथल्या अर्जाला जोडला, तर समोरची बाजू पहिल्याच परिच्छेदात तो खोडून काढते.

पद राखीव असणे आणि जातीला गुण असणे यातही फरक आहे. एकाच पदाच्या संवर्गात आरक्षण ठेवता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९८ मध्ये चंदीगडच्या पीजीआय संस्थेच्या प्रकरणात सांगितले. एका अंगणवाडीत सेविका एकच असते. आपल्याकडे मागास प्रवर्गाला अतिरिक्त गुण मिळतात, त्यामुळे खुल्या प्रवर्गातली उमेदवारही शैक्षणिक गुणांवर पहिली येऊ शकते आणि अनुसूचित जातीची उमेदवार गुण मिळूनही दुसरी राहू शकते. "पद आमचे होते" असे न म्हणता "गुण इतके हवे होते, इतके दिले" असे म्हणायचे.

## पायरी २: कागद गोळा करा, तेही लगेच

यादी लागली त्याच दिवशी हे हातात हवे:

1. मूळ जाहिरात, सर्व पानांसह. वर्तमानपत्रातले कात्रण पुरत नाही. ग्रामपंचायतीच्या किंवा प्रकल्प कार्यालयाच्या फलकावरची पूर्ण जाहिरात हवी.
2. जाहिरातीत उल्लेख असलेला शासन निर्णय. अलीकडच्या भरतीत बहुधा महिला व बाल विकास विभागाचा २ फेब्रुवारी २०२३ चा शासन निर्णय असतो. त्याने बारावी उत्तीर्ण ही किमान पात्रता केली. वय १८ ते ३५, विधवा उमेदवारांना ४० पर्यंत. जुन्या शासन निर्णयाचे कलम नव्या भरतीला लावण्याची चूक सर्रास होते.
3. तात्पुरत्या यादीचा फोटो. तारीख, सही, शिक्का दिसला पाहिजे. फलकासकट एक फोटो आणि जवळून एक.
4. तुमच्या अर्जाची पोच आणि जोडलेल्या कागदांची यादी.

चौथा कागद अनेकींकडे नसतो. अर्ज देताना फक्त आवक क्रमांक घेतलेला असतो, कोणकोणते कागद जोडले याची नोंद कुठेच नसते. पुढे कार्यालय म्हणते, "जातीचा दाखला जोडलाच नव्हता." तुमचा अर्ज अजून द्यायचा असेल, तर पहिल्या पानावर जोडपत्रांची क्रमवार यादी लिहा, प्रत्येक पानाला हाताने क्रमांक टाका आणि त्या यादीवरच आवक शिक्का घ्या. पुढचे निम्मे भांडण तिथेच मिटते.

तपासा: जाहिरातीत तीन तारखा शोधून लाल पेनाने खूण करा. अर्जाची शेवटची तारीख, हरकतीची मुदत, आणि कागदपत्रे कोणत्या तारखेपर्यंतची ग्राह्य हा उल्लेख.

## पायरी ३: आधी स्वतःचा दाखला तपासा

समोरच्या बाईचा दाखला तपासण्याआधी स्वतःचा तपासा. तुम्ही हरकत घेतली की तुमचीही फाइल उघडते.

दाखला टेबलावर ठेवा आणि या क्रमाने वाचा.

सही कोणाची? जातीचा दाखला सक्षम प्राधिकाऱ्याचा हवा, म्हणजे साधारणपणे उपविभागीय अधिकाऱ्याचा. सरपंच, पोलीस पाटील किंवा समाजाच्या संघटनेचा दाखला गुणांसाठी चालत नाही. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर जात लिहिलेली आहे एवढेही पुरत नाही. तो पुरावा आहे, प्रमाणपत्र नव्हे.

नाव कोणते? माहेरचे नाव दाखल्यावर, सासरचे नाव आधारवर, बारावीच्या मार्कशीटवर तिसरेच स्पेलिंग. तिन्ही नावांची बाई एकच आहे हे सिद्ध करणारा कागद अर्जात हवा: विवाह नोंदणी प्रमाणपत्र किंवा नावबदलाचे राजपत्र. नुसत्या प्रतिज्ञापत्रावर काही कार्यालये अडून बसतात, म्हणून विवाह नोंदणी करून घेणे केव्हाही चांगले.

जात कोणामुळे? जात जन्माने ठरते, लग्नाने बदलत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये वलसम्मा पॉल प्रकरणात सांगितले की पुढारलेल्या जातीतल्या स्त्रीने मागास जातीतल्या पुरुषाशी लग्न केले म्हणून तिला आरक्षणाचा लाभ मिळत नाही. २०१८ च्या सुनीता सिंग प्रकरणात तेच पुन्हा आले. उलटही तितकेच खरे आहे: अनुसूचित जातीत जन्मलेल्या मुलीने खुल्या प्रवर्गात लग्न केले, तर तिची जात जात नाही. तिचा दाखला वडिलांच्या बाजूच्या कागदांवर निघतो आणि गुण मिळतात. सासरच्या लोकांच्या लाजेखातर काही मुली हा दाखला जोडतच नाहीत आणि हक्काचे गुण सोडतात. तसे करू नका.

आईवडील आंतरजातीय असतील, तर वडिलांचीच जात लागते असे गृहीत धरले जाते, पण ते खोडता येते. २०१२ च्या रमेशभाई नाईका निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की मूल आईच्या मागास समाजात वाढले आणि त्या समाजाचे हाल त्याने भोगले, हे पुराव्याने दाखवता येते.

राज्य कोणते? नांदेड, गडचिरोली, नंदुरबार, सोलापूर अशा सीमेवरच्या जिल्ह्यांत तेलंगणा, छत्तीसगड, गुजरात, कर्नाटकातून सुना येतात. माहेरच्या राज्यात अनुसूचित जाती किंवा जमातीत असलेल्या बाईला लग्न करून इथे आल्यावर तोच लाभ आपोआप मिळत नाही. १९९० चा मर्री चंद्रशेखर राव निकाल आणि महाराष्ट्राशीच संबंधित १९९४ चा निकाल यावर स्पष्ट आहेत. जातीचे नाव दोन्ही राज्यांच्या यादीत सारखे असले तरीही. स्थलांतरितांना मिळणारा दाखला वेगळ्या नमुन्यात असतो, त्यावर मूळ राज्याचा उल्लेख येतो. हा उल्लेख वाचायचा राहून गेला की दोन्ही बाजू वर्षभर चुकीच्या मुद्द्यावर भांडत बसतात.

जुने पुरावे आहेत का? आज गुण मिळाले तरी उद्या पडताळणी होऊ शकते. अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती व भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ या तारखांच्या आधीचा पुरावा पाहिला जातो: जातीचा, किंवा निदान त्या काळच्या वास्तव्याचा. आजोबा-पणजोबांचा शाळेचा निर्गम उतारा, कोतवाल बुकातली जन्म-मृत्यूची नोंद, जुना फेरफार. वंशावळ लिहिताना आत्या, काका, चुलत भावंडे घ्या. रक्ताच्या नात्यात वडिलांकडून कुणाला जात वैधता प्रमाणपत्र (पडताळणीनंतर समिती देते ते) मिळालेले असेल, तर ते सगळ्यात मोलाचे.

प्रवर्ग एकच. कुणबी दाखला असेल तर इतर मागासवर्ग. तो असताना आर्थिक दुर्बल घटकाचा दाखलाही जोडायचा, असे चालत नाही. दोन प्रवर्गांचे कागद एकाच अर्जात दिसले की अर्ज संशयात येतो. आणि ज्या प्रवर्गाचे नाव जाहिरातीच्या गुणतक्त्यात नाही, त्याचे गुण मागता येत नाहीत.

इशारा: शेवटच्या तारखेनंतर काढलेला दाखला "नंतर जोडते" म्हणून चालेल या भरवशावर राहू नका. आधीच काढलेला दाखला उशिरा दाखवणे आणि दाखलाच मुदतीनंतर काढणे यात फरक आहे. दुसऱ्या प्रकारात न्यायालयातही बाजू लंगडी पडते. दाखल्याला वेळ लागतो, तेव्हा भरतीची वाट न पाहता तो आजच काढून ठेवा.

## पायरी ४: गुणतक्ता स्वतः मांडा

वहीत आडवे चार रकाने करा: निकष, जाहिरातीत किती गुण, मला किती, समोरच्या उमेदवाराला किती. शैक्षणिक गुण वरच्या ओळींत. खाली अतिरिक्त गुण: विधवा किंवा अनाथ, जातीचा प्रवर्ग, अंगणवाडीतला आधीचा अनुभव. आकडे जाहिरातीतूनच घ्या, मैत्रिणीच्या तालुक्यातल्या जाहिरातीतून नकोत.

समजा यादीत पहिलीला ७१.२० आणि तुम्हाला ६९.८० गुण आहेत. फरक १.४० चा. आता बघा: पहिलीचे जातीचे गुण काढले तर ती तुमच्या खाली जाते का? जात असेल, तर जातीचा मुद्दा निर्णायक आहे, तो लढा. गुण काढूनही ती वरच राहत असेल, तर जातीवरून भांडण्यात अर्थ नाही. तुमची स्वतःची बेरीज, टक्केवारीचे गुणात केलेले रूपांतर किंवा अनुभवाचे गुण तपासा. अनेक "जातीचे वाद" हे टक्केवारी मांडताना झालेल्या चुकीचे वाद निघतात.

गुण समान असतील तर पुढे कुणाला घ्यायचे याचा क्रम शासन निर्णयात दिलेला असतो. तोही वाचून त्याच पानावर उतरवा.

## पायरी ५: मुदतीत लेखी हरकत

हरकत एका पानाची असावी. भाषणे, समाजावरचे अन्याय, अधिकाऱ्यांचे हेतू यांना इथे जागा नाही. नमुना असा:

> प्रति, मा. बाल विकास प्रकल्प अधिकारी, … प्रकल्प
> विषय: मौजे … येथील अंगणवाडी क्र. … सेविका पदाच्या तात्पुरत्या गुणवत्ता यादीवर हरकत
> संदर्भ: १) जाहिरात दि. … २) शासन निर्णय दि. … ३) तात्पुरती यादी दि. …
> १. मी अर्ज क्र. … ने दि. … रोजी अर्ज केला. जोडपत्र क्र. ६ म्हणून उपविभागीय अधिकारी, … यांचा जातीचा दाखला क्र. … दि. … जोडला आहे.
> २. जाहिरातीच्या गुणतक्त्यानुसार माझ्या प्रवर्गाला … गुण देय आहेत. यादीत शून्य दर्शवले आहेत.
> ३. हे गुण धरल्यास माझी एकूण बेरीज … होते व माझा क्रम पहिला येतो.
> ४. विनंती: (अ) गुण दुरुस्त करावेत, (आ) हरकतीवर लेखी व कारणांसह निर्णय द्यावा, (इ) तोपर्यंत नियुक्ती आदेश देऊ नये.

चौथ्या मुद्द्यातली तिन्ही कलमे महत्त्वाची आहेत. "योग्य ती कारवाई व्हावी" एवढेच लिहिले, तर "नोंद घेतली आहे" हीच कारवाई होते. कारणांसह लेखी निर्णय मागितला आणि तो दिला नाही, तर पुढे न्यायालयात तोच तुमचा मुद्दा बनतो.

दोन प्रती न्या, एकीवर आवक शिक्का, तारीख, सही. कर्मचारी पोच द्यायला टाळाटाळ करत असेल, तर त्याच दिवशी स्पीड पोस्टाने पाठवा आणि पावती जपा. व्हॉट्सअॅपवर पर्यवेक्षिका ताईंना पाठवलेला फोटो म्हणजे हरकत नव्हे.

तपासा: हरकतीवर तुमचीच सही आहे ना? नवऱ्याने, दिराने किंवा गावच्या पुढाऱ्याने सही केलेला अर्ज तुमची हरकत धरला जाईलच असे नाही.

## पायरी ६: माहितीचा अर्ज, हरकतीच्याच आठवड्यात

माहिती अधिकाराचे उत्तर यायला ३० दिवस लागू शकतात, म्हणून वाट पाहू नका. पण "आधी माहिती येऊ दे, मग हरकत घेते" ही त्याहून मोठी चूक. दोन्ही सोबत.

महाराष्ट्राच्या नियमांत एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे. १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावा. दारिद्र्यरेषेखालील असाल तर शुल्क नाही, दाखला जोडा. मागायचे ते नेमके: सर्व उमेदवारांचा गुणतक्ता, छाननीचा अहवाल, हरकतींवरील टिपणी, अर्जांची आवक नोंदवही. शिवाय "फाइलचे प्रत्यक्ष अवलोकन करू द्यावे" असे लिहाच. फाइल समोर आली की दाखला कोणत्या तारखेला आत आला, ते आवक क्रमांकावरून दिसते.

समोरच्या उमेदवाराच्या दाखल्याची प्रत वैयक्तिक माहिती म्हणून नाकारली जाण्याची शक्यता धरून चाला. त्यावर अडून बसू नका. दाखल्याचा क्रमांक, तारीख, देणारा अधिकारी आणि तो अर्जासोबत होता का, एवढे मिळाले तरी काम होते. उत्तर नाही आले तर ३० दिवसांत पहिले अपील.

## पायरी ७: वरिष्ठांकडे, एक एक पायरी चढत

ग्रामीण प्रकल्पात सीडीपीओच्या वर जिल्हा परिषदेचे महिला व बालकल्याण विभागाचे उपमुख्य कार्यकारी अधिकारी, त्यांच्यावर मुख्य कार्यकारी अधिकारी, आणि राज्य पातळीवर एकात्मिक बाल विकास सेवा योजनेचे आयुक्तालय. जाहिरातीत किंवा शासन निर्णयात तक्रार कोणाकडे आणि किती दिवसांत करायची ते दिले असेल, तर तीच वाट घ्या. मधली पायरी गाळून थेट मंत्रालयात टाकलेले अर्ज पुन्हा खाली, त्याच सीडीपीओकडे "चौकशी करून अहवाल सादर करावा" म्हणून येतात. त्यात महिना जातो.

अनुसूचित जाती किंवा जमाती आयोगाकडे तक्रार करता येते, पण आयोग नियुक्तीला स्थगिती देऊ शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्येच ते सांगितले आहे. आयोगाच्या नोटिशीच्या भरवशावर न्यायालयाचा वेळ घालवू नका.

निवड होऊनही जातीमुळे सेविकेला किंवा मदतनीस ताईला रुजू होऊ दिले जात नाही, तिच्या हातचे अन्न मुलांना देऊ देत नाहीत, अंगणवाडीवर बहिष्कार घातला जातो, हा गुणांचा वादच नाही. अनुसूचित जाती व जमाती (अत्याचार प्रतिबंध) अधिनियम १९८९ आणि महाराष्ट्राचा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा २०१६ यांचा तो विषय आहे. त्यासाठी पोलीस ठाण्यात जायचे, आणि सीडीपीओला त्याच दिवशी लेखी कळवायचे. गावकऱ्यांची "समजूत काढण्यासाठी" सेविकेचीच बदली सुचवली जाते, त्याला लेखी संमती देऊ नका.

## पायरी ८: दाखला खोटा असल्याची खात्री असेल तर

इथे राज्याचा जात प्रमाणपत्र कायदा लागतो, २००१ चा महाराष्ट्र अधिनियम क्रमांक २३. त्यातल्या चार गोष्टी लक्षात ठेवा.

जात सिद्ध करण्याची जबाबदारी दाखला घेणाऱ्यावर आहे. खोटा दाखला रद्द करून जप्त करण्याचा अधिकार पडताळणी समितीला आहे. समितीच्या निर्णयाला फक्त उच्च न्यायालयात आव्हान देता येते, दिवाणी न्यायालयात नाही. खोट्या दाखल्याला सहा महिने ते दोन वर्षे कैद किंवा २ हजार ते २० हजार रुपये दंड किंवा दोन्ही आहेत, मात्र फौजदारी खटला समितीच्या किंवा तिने अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीवरच चालतो. म्हणून थेट पोलीस ठाण्यात धावून उपयोग होत नाही.

अनुसूचित जमातीच्या दाव्यांची समिती आदिवासी विकास विभागाकडे, बाकी प्रवर्गांच्या जिल्हा समित्या सामाजिक न्याय विभागाकडे. चुकीच्या समितीकडे गेलेला अर्ज महिनोन्महिने पडून राहतो.

तक्रार कोण करू शकते, हाही मुद्दा आहे. अयुबखान पठाण प्रकरणात, जे महाराष्ट्रातलेच, सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये सांगितले की ज्याचा स्वतःचा हक्क बाधित होत नाही, अशा त्रयस्थाला दुसऱ्याच्या जातीवर खटला चालवता येत नाही. यादीत दुसऱ्या क्रमांकावर असलेली उमेदवार त्रयस्थ नसते. तिचा शेजारी, तिच्या पक्षाचा तालुकाध्यक्ष, गावातला "माहिती कार्यकर्ता" त्रयस्थ ठरू शकतो. म्हणून तक्रार स्वतःच्या नावाने करा.

तक्रारीत ऐकीव गोष्टी लिहू नका. "ती तशी दिसत नाही", "त्यांच्या घरात तो सण होत नाही" असल्या वाक्यांनी समोरच्या बाईचा अपमान होतो आणि पुरावा शून्य. चालीरीतींची परीक्षा ही जमातीच्या दाव्यातसुद्धा शेवटची कसोटी नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये आदिवासी ठाकूर जमात स्वरक्षण समितीच्या प्रकरणात स्पष्ट केले. जुनी कागदोपत्री नोंद हवी. तिच्या वडिलांच्या शाळेच्या नोंदीत वेगळी जात आहे का, सख्ख्या काकाचा दावा आधी फेटाळला गेला आहे का, हे दाखवा.

दाखला अवैध ठरला तर "इतकी वर्षे काम केले, आता राहू द्या" हा युक्तिवाद २०१७ नंतर फारसा टिकत नाही. अन्न महामंडळाच्या जगदीश बहिरा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने खोट्या दाव्यावर मिळालेले लाभ वाचवायला नकार दिला.

## पायरी ९: उच्च न्यायालय

मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जाऊ नका. अंगणवाडी सेविका हे नागरी सेवेतले पद नाही आणि त्यांचे वाद प्रशासकीय न्यायाधिकरणात येत नाहीत, असे अमीरबी प्रकरणात २००६ मध्ये ठरले. २०२२ च्या मणिबेन भरिया निकालाने सेविका व मदतनीसांना ग्रॅच्युइटीचा हक्क दिला, पण नेमणुकीच्या वादासाठी मॅटचे दार त्यामुळे उघडले नाही. वाट एकच: घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका.

खंडपीठ जिल्ह्यावर ठरते: मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापूरचे सर्किट बेंच आहे.

वकिलांकडे जाताना या गोष्टी ठरलेल्या असाव्यात:

1. निवडलेल्या उमेदवाराला प्रतिवादी करा. तिचे म्हणणे ऐकल्याशिवाय तिची निवड रद्द होऊ शकत नाही. ही चूक झाली तर याचिका याच कारणावर पडू शकते.
2. उशीर करू नका. रिट याचिकेला ठरावीक मुदत नाही, म्हणून लोक निवांत राहतात. नियुक्ती होऊन सहा-आठ महिने झाले, समोरची बाई प्रशिक्षण घेऊन काम करू लागली, की न्यायालय विचारते: इतके दिवस कुठे होतात?
3. नियमाला आव्हान असेल तर निकालाआधी द्या. अर्ज केला, प्रक्रियेत भाग घेतला, हरल्यावर "नियमच चूक" म्हटले, तर १९९५ च्या मदनलाल निकालाचा दाखला देऊन तुम्हाला थांबवले जाते. प्रक्रियेतच बेकायदेशीरपणा असेल तर वाट बंद होत नाही, हे २०१९ च्या मीता सहाय निकालात आहे, पण चढ मोठा. भरती सुरू झाल्यावर मध्येच निकष बदलले असतील, तर तेज प्रकाश पाठक प्रकरणातला घटनापीठाचा नोव्हेंबर २०२४ चा निकाल वकिलांना आठवण करून द्या.
4. जात खरी की खोटी, हा प्रश्न याचिकेत विचारू नका. पुरावे तपासून जात ठरवण्याचे काम न्यायालय समितीकडेच पाठवते. "ठरावीक मुदतीत पडताळणी करावी, तोपर्यंत नियुक्ती याचिकेच्या निकालाधीन राहावी" अशी मागणी करा.

पैसे नाहीत म्हणून थांबू नका. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ खाली कोणत्याही स्त्रीला, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. तालुका न्यायालयातल्या विधी सेवा समितीत अर्ज द्या किंवा १५१०० वर फोन करा. उच्च न्यायालयासाठी वेगळी विधी सेवा समिती आहे, अर्ज तिकडे पाठवायला सांगा.

## पायरी १०: तुम्हीच निवडलेल्या उमेदवार असाल तर

हरकत दुसरीने घेतली आहे, म्हणजे कार्यालय बघून घेईल, असे समजू नका. हरकतीची प्रत लेखी मागा आणि लेखीच उत्तर द्या. दाखल्याचा क्रमांक, तारीख, अर्जातले पान आणि आवक क्रमांक एवढ्यावर उत्तर पूर्ण होते. वैधता प्रमाणपत्र नसेल तर पडताळणीचा अर्ज स्वतःहून करता येतो का, ते कार्यालयाला विचारा आणि जुन्या नोंदी आताच काढून ठेवा, कारण शाळांची जुनी रजिस्टरे मागितल्यावर लगेच सापडत नाहीत.

समितीची नोटीस घरी आली तर ती स्वीकारा. नाकारलेली नोटीस मिळाली असेच धरले जाऊ शकते आणि मग तुमच्या गैरहजेरीत निर्णय होतो. समितीचे दक्षता पथक (चौकशी करणारे पथक) घरी आले तर वडीलधाऱ्यांना बसवा. जबाब वाचून घेतल्याशिवाय कुणी सही करू नये, अंगठा करणाऱ्यांना तो मोठ्याने वाचून दाखवायला सांगा.

समोरची बाजू हायकोर्टात जाणार अशी कुणकुण लागली, तर वकिलांमार्फत तिथे कॅव्हेट लावा, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा आगाऊ अर्ज. ते ९० दिवस चालते, संपायच्या आत नवे लावायचे. कॅव्हेट असेल तर तुम्हाला न कळवता स्थगिती मिळवणे समोरच्याला अवघड होते. आणि कामावर रुजू झाल्याचा अहवाल, हजेरीची पाने, प्रशिक्षणाचे पत्र यांची झेरॉक्स पहिल्या दिवसापासून घरी वेगळ्या फाइलमध्ये ठेवा, अंगणवाडीच्या कपाटात नको.